सांगून आलेली चाल

सिनेमा आणि मालिकांना संगीत देणाऱ्या माणसाच्या कामाकडे बघायची आपली एक ठरलेली रीत आहे. त्याच्या कामाचे दोन ढीग करायचे. एका ढिगात पोटापाण्याचं काम: जाहिरातीची जिंगल, मालिकेचं शीर्षकगीत, विनोदी गाणं, मारामारीच्या प्रसंगामागचा ढणढणाट. दुसऱ्या ढिगात मनापासून केलेलं: एखादी रागदारीची चाल, एखादं भावगीत, कुण्या मोठ्या कवीची कविता. पहिल्या ढिगाबद्दल संगीतकाराने थोडं ओशाळायचं आणि दुसऱ्याबद्दल इतरांनी त्याचा सत्कार करायचा. या धंद्यात उमेदीची वर्षं घातल्यावर मला ही वाटणी दिवसेंदिवस खोटी वाटू लागली आहे. माझं म्हणणं असं की संगीतकार घडतो तोच मुळी दुसऱ्याने सांगितलेल्या कामात, आणि तेही दहा जणांच्या देखत, त्यांच्या संगतीत. पुढे त्याची म्हणून जी चाल ओळखली जाते, ती बहुतेक वेळा सांगूनच आलेली असते. हे पटवायला मला लांब जावं लागत नाही, कारण सगळ्यात भक्कम पुरावा आमच्याच नगर जिल्ह्यात, राहाता तालुक्यातल्या पुणतांब्यात जन्मला.

गोदावरीकाठचं पुणतांबं लोकांना चांगदेवांच्या समाधीमुळे माहीत असतं, रेल्वे जंक्शन म्हणून माहीत असतं, आणि २०१७ च्या शेतकरी संपापासून तर सगळ्या महाराष्ट्राला माहीत झालं. १२ जानेवारी १९१८ रोजी रामचंद्र नरहर चितळकर इथे जन्मले, म्हणजेच सी. रामचंद्र, हे मात्र नगरकरांनाही आठवण करून द्यावं लागतं. त्यांचं शिक्षण बघितलं तर मैफलीच्या गवयाला शोभेल असं. पुण्यात गांधर्व महाविद्यालयात विनायकबुवा पटवर्धन, नागपुरात शंकरराव सप्रे. वसंतराव देशपांडेही याच सप्रे गुरुजींचे शागीर्द. सुरुवात मात्र झाली नट म्हणून. ‘नागानंद’मध्ये ते नायक होते, चित्रपट चालला नाही. मग सोहराब मोदींच्या मिनर्व्हात किरकोळ भूमिका, आणि तिथेच बुंदू खाँ आणि हबीब खाँ या संगीतकारांच्या हाताशी पेटी. स्वतंत्र संगीतकार म्हणून पहिलं काम मिळालं ते मराठीत नाही, हिंदीतही नाही, तर मास्टर भगवान यांच्या तमिळ चित्रपटांत. जी भाषा आपली नाही तिच्या शब्दांना चाल लावायची, शब्दांचा अर्थ दुसऱ्याकडून समजून घ्यायचा आणि वजन मात्र आपण सांभाळायचं. सुरुवातीच्या संगीतकाराला याहून परकं काम कोणतं मिळणार? आणि मीटरवर हात बसवायला याहून चांगली शाळा तरी कोणती? अर्थाचा आधार काढून घेतला की शब्दांचे लघु-गुरू, त्यांचे आघात, श्वास घ्यायच्या जागा एवढंच उरतं. चाल बांधणाऱ्याचा पहिला कच्चा माल तोच.

भगवान यांच्याबरोबर पुढची काही वर्षं त्यांनी स्टंटपट केले. तलवारी, घोडे, मुखवटे, आणि अधूनमधून गाणं. या चित्रपटांची आज कुणी आठवण काढत नाही. पण १९५१ साली याच जोडीने ‘अलबेला’ केला, आणि माझ्या मते पोटाचं काम आणि मनाचं काम ही वाटणी ‘अलबेला’ नीट ऐकणाऱ्याच्या मनात टिकूच शकत नाही. एकाच चित्रपटात बोंगो, ट्रम्पेट, सॅक्सोफोनवर नाचणारी गाणी आहेत आणि लताबाईंची ती संथ अंगाईही आहे. पहिली गाणी बाजारासाठी आणि अंगाई स्वतःसाठी, असं म्हणावं तर कानाला तसं जाणवत नाही. नाचाच्या गाण्यातली मूळ ओळ पेटीवर वाजवून बघा. ती अस्सल देशी आहे, कुणाही भजनी मंडळाला उचलता येईल इतकी सोपी आणि फिरून समेवर येणारी. परदेशी आहे तो तिच्याभोवतीचा वाद्यमेळ. आणि अंगाईत स्वर किती कमी खर्च केलेत ते बघितलं तर लक्षात येतं की ही काटकसर विनोदी गाण्यांनी शिकवलेली आहे. विनोदी गाण्याचा मुखडा पहिल्या दोन ओळींत पिटातल्या प्रेक्षकाला पाठ व्हावा लागतो. तिथे पाल्हाळ चालत नाही. ज्याला तो मुखडा जमला त्यालाच अंगाई इतकी थोडक्यात आटोपता येते. दोन वर्षांनी ‘अनारकली’ आला. त्यातलं शेवटचं भीमपलासातलं गाणं आपण शास्त्रीय तालमीच्या खात्यावर टाकतो. तालीम आहेच. पण तेव्हाच्या तबकडीच्या एका बाजूला तीन-साडेतीन मिनिटं मावायची, तेवढ्यात भीमपलास उभा करायचा, प्रसंग पुढे न्यायचा आणि नायिकेचा शेवटही ऐकणाऱ्याच्या गळ्याशी आणायचा, हे विनायकबुवांच्या वर्गात शिकवत नव्हते.

आता पहिला आक्षेप. सी. रामचंद्रांनी उचलेगिरी केली, असं म्हणतात. ‘समाधी’मधल्या गाजलेल्या नाचगाण्याची मूळ चाल लॅटिन अमेरिकन ढंगाच्या एका इंग्रजी गाण्याची होती, हे जगजाहीर आहे. १९७० च्या ‘घरकुल’मध्ये तर घराचा नंबर सांगणारं ते गमतीदार गाणं सरळसरळ एका इंग्रजी गाण्यावरून घेतलेलं आहे. मग सांगितलेलं काम माणसाला घडवतं की आळशी करतं? हा आक्षेप मी हसण्यावारी नेणार नाही. निर्मात्याने रेकॉर्ड आणून टेबलावर ठेवायची आणि ‘हे असं पाहिजे’ म्हणायचं, हा आमच्या धंद्यातला जुना रोग आहे, आणि अशा कामांतलं बरंचसं खरोखर वाया जातं. पण उचल आणि पचन यांत फरक करायला हवा. ‘घरकुल’मध्येच सुरेश भटांची एक रचना आशाबाईंनी गायली आहे. तिची चाल इतकी संयत आणि इतकी मराठी आहे की दोन्ही गाणी एकाच माणसाने एकाच चित्रपटासाठी केली हे सांगितल्याशिवाय खरं वाटत नाही. उसन्या गाण्याने त्या माणसाचा हात बिघडवला असता तर हे शक्य झालं नसतं. आणि ‘आशा’मधलं किशोरकुमारचं निरर्थक बोलांचं गाणं घ्या. रॉक अँड रोलची लाट तेव्हा नुकती इथे पोचत होती. १९५७ साली कुणीतरी तसं मागितलं असणार हे उघड आहे. जे मिळालं त्याची मात्र कुठल्या इंग्रजी रेकॉर्डशी जोडी लावता येत नाही. त्यात आपल्याकडच्या पोरांच्या सुटण्याच्या गाण्याची, बडबडगीताची लकब आहे. मागणी परदेशी असूनही माल घरचा निघाला. उचलेगिरीचं समर्थन मी करत नाही. उचल करणाऱ्या हाताला दुसरं काही येत नसतं, एवढंच मला मान्य नाही.

दुसरा आक्षेप अधिक खोचक आहे. दोन ढीग खोटे असतील तर अण्णांनी, म्हणजे सी. रामचंद्रांनी, स्वतःच नावं का बदलली? स्टंटपटांना राम चितळकर, काही चित्रपटांना अण्णासाहेब, एखाद्याला श्यामू, गायक म्हणून नुसतं चितळकर, आणि मोठ्या बॅनरला सी. रामचंद्र. म्हणजे त्यांच्याही मनात वरचं-खालचं होतंच की! होतं, पण ते बाजाराचं होतं असं मला वाटतं. वितरक नावावर चित्रपट घेतो आणि ज्याचं नाव हलक्या चित्रपटाला लागलं त्याला मोठा निर्माता बोलवत नाही, हा व्यवहार तेव्हाही होता आणि आजही आहे. मालिकांच्या पार्श्वसंगीतात दुसऱ्याच्या नावाने किंवा विनानावाने काम करणारे आजही कमी नाहीत. नाव बदलल्याने दाराबाहेरची पाटी बदलते. आतल्या खोलीत पेटी तीच, माणूस तोच, आणि मुख्य म्हणजे वादकही पुष्कळदा तेच.

वादकांचा हा मुद्दा मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो, आणि चरित्रांत नेमका तोच घाईने उरकलेला असतो. ‘अलबेला’च्या वाद्यमेळात चिक चॉकलेट होते. मूळचे गोव्याचे, खरं नाव आंतोनियो झेवियर वाझ, मुंबईत स्वतःचा बँड चालवणारे ट्रम्पेटवादक. अशा गोमंतकीय वादकांना स्टाफ नोटेशन लिहिता-वाचता यायचं. हिंदुस्थानी संगीतकाराला सरगम यायची. दोघांच्या मधे पेटी. संगीतकार चाल गायचा, अरेंजर ती पाच रेघांवर उतरवायचा, म्युझिक पीस सुचवायचा, ट्रम्पेटला कुठे दम घ्यायला लागेल ते सांगायचा, आणि ढोलकीवाला म्हणायचा की हे या ठेक्यात बसत नाही, वजन बदला. रेकॉर्डिंगला सगळे एकत्र, थोडक्या मायक्रोफोनांवर, आणि टेक बिघडला की पुन्हा पहिल्यापासून. म्हणजे चाल पक्की होण्याआधी ती डझनावारी जाणत्या कानांखालून जायची. यातला प्रत्येक जण पगारी होता, सांगितलेलं काम करत होता, आणि तरीही प्रत्येक जण परीक्षक होता. ‘आझाद’ची गाणी अगदी थोड्या मुदतीत करून हवी होती आणि ती अण्णांनी करून दिली, ही कथा त्यांच्या वेगाचा दाखला म्हणून सांगतात. मला त्यात खोलीभर माणसांचा वेग दिसतो. हात सरावलेले, एकमेकांच्या खोडी माहीत, काय चालेल आणि काय चालणार नाही हे अर्ध्या खुणेत कळणारं.

इथेच माझ्या म्हणण्यावरचा सगळ्यात जड आक्षेप उभा राहतो. तो माझ्याच पिढीतले लोक घेतात. ते म्हणतात, तुम्ही सिनेमाच्या सुवर्णकाळाची उदाहरणं देता. आम्हाला मालिका मिळते. आठवड्याला सहा भाग, प्रत्येकी वीस-बावीस मिनिटांचे, आणि त्यातला बहुतेक वेळ मागे काहीतरी वाजत राहिलंच पाहिजे असा वाहिनीचा आग्रह. भाग बघून संगीत द्यायला वेळ नसतो. सुरुवातीलाच संगीतकाराकडून तुकड्यांची पेढी बांधून घेतात: दुःखाचे, संशयाचे, सासूच्या प्रवेशाचे, हलक्या विनोदाचे. पुढे वर्षानुवर्षं संकलनाच्या टेबलावर तेच तुकडे चिकटवले जातात. या सांगितलेल्या कामातून कोणता सी. रामचंद्र घडणार?

याला माझं उत्तर दोन टप्प्यांत आहे. मालिका म्हणून मालिका वाईट नाही, हा पहिला टप्पा. अशोक पत्कींचं उदाहरण याच महाराष्ट्रातलं आणि अगदी जवळच्या काळातलं. जितेंद्र अभिषेकींसारख्यांच्या संगतीत त्यांनी नाट्यसंगीत केलं, असंख्य जिंगल्स केल्या, १९८८ साली दूरदर्शनवर आलेलं राष्ट्रीय एकात्मतेचं ते प्रसिद्ध गीत त्यांच्या चालीवर उभं आहे, आणि १९९९ च्या ‘आभाळमाया’पासून त्यांनी मराठी मालिकेच्या शीर्षकगीताला इज्जत मिळवून दिली. मंगेश कुळकर्णींचे शब्द, देवकी पंडितांचा आवाज, आणि वेळ जेमतेम मिनिटभराचा. त्या मिनिटात कथेचा सूर, पात्रांची जात, घराचा उंबरठा सगळं आलं पाहिजे. लोक स्वयंपाकघरातून ती चाल ऐकून बाहेर यायचे. याच माणसाला पुढे ‘अंतर्नाद’ या कोंकणी चित्रपटाच्या संगीतासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. जिंगल, शीर्षकगीत आणि तो पुरस्कार यांच्यामधे कुठे भिंत घालायची? दहा सेकंदांत एक विचार पुरा करण्याची सवय ज्याला आहे, त्याला तीन तासांच्या चित्रपटात कुठे गप्प बसायचं हे जास्त चांगलं कळतं. पार्श्वसंगीतात गप्प बसणं ही निम्मी विद्या आहे. उरलेली निम्मी म्हणजे संवादाच्या पट्टीत वाद्य न घालणं. बाईचा आवाज आणि व्हायोलिन एकाच उंचीवर आले की प्रेक्षकाला दोन्ही ऐकू येत नाहीत, हे ज्याने रोजच्या मालिकेत शंभरदा भोगलंय त्याला सांगावं लागत नाही.

दुसऱ्या टप्प्यात मात्र मला माघार घ्यावी लागते. आक्षेप घेणाऱ्यांना वाटतं आजचा वेग घातक आहे. मला वाटतं घातक आहे तो एकांत. संगणकावर साठ व्हायोलिनांचा आवाज एका बोटाखाली येतो. त्या साठांतला एकही जण उठून म्हणत नाही की साहेब, ही जागा खोटी वाटते. नमुने साठवलेल्या ढोलकीला कुठलीही लय सांगा, ती हूं की चूं न करता वाजवते. चालीवर शेरा येतो तो थेट वाहिनीकडून, तोही लिखित, आणि तो देणाऱ्याला वाजवता येत नसतं. त्याला ‘अजून थोडं इमोशनल’ हवं असतं. मधली सगळी माणसं, अरेंजर, ढोलकीवाला, बासरीवाला, पेटीवर बसलेला सहायक, खर्चाच्या रकान्यातून एकेक करून गळाली. त्यामुळे आजचा तरुण संगीतकार पन्नास वर्षांपूर्वीच्या संगीतकाराइतकंच, किंबहुना जास्तच, सांगितलेलं काम करतो आणि तरीही त्यातून पूर्वीइतका शिकत नाही. माझा मूळ मुद्दा यामुळे कोसळत नाही, पण त्याला अट लागते. मागणी घडवते ती संगत असेल तेव्हाच. नुसती मागणी माणसाला पिळून काढते.

मग उरतो पैशाचा प्रश्न. सांगितलेल्या कामाची एवढी थोरवी गायची आणि ते करणाऱ्याला एकदाच पैसे देऊन मोकळं करायचं, हा धूर्तपणा झाला, असं कुणी म्हटलं तर मी त्याच्या बाजूचा आहे. सी. रामचंद्रांनी आपलं आत्मचरित्र, ‘माझ्या जीवनाची सरगम’, १९७७ साली प्रसिद्ध केलं. त्याच वर्षी सर्वोच्च न्यायालयाने इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटीच्या खटल्यात निकाल दिला, की निर्मात्याने पैसे देऊन चित्रपटासाठी करून घेतलेल्या संगीताचा मालक, उलट करार नसेल तर, निर्माताच. न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी त्याच निकालात कलावंतांसाठी कायदा बदलण्याची गरज बोलून दाखवली होती. बदल व्हायला २०१२ उजाडलं. आता चित्रपटगृहाबाहेरच्या वापरासाठी संगीतकार आणि गीतकाराचा रॉयल्टीतला वाटा कायद्याने राखलेला आहे, आणि तो वारसांना किंवा कॉपीराइट सोसायटीला सोडून कुणाला लिहून देता येत नाही. अण्णा ५ जानेवारी १९८२ रोजी गेले. शंभराच्या आसपास चित्रपट त्यांच्या नावावर होते. साठच्या दशकात काम आटत गेलं तेव्हा त्यांची गाणी रेडिओवर, लग्नाच्या बँडवर, जत्रेतल्या तंबूत वाजतच होती. कारकीर्द संपली म्हणजे कला संपली असं आपण सहज बोलून जातो. पुष्कळदा फक्त पुढचं काम यायचं थांबलेलं असतं आणि मागचं काम काहीच देत नसतं. त्यांच्या उताराची कारणं सांगताना जास्त कामाने झिजले, स्वतः चित्रपट काढायच्या फंदात पडले, नव्या मोठ्या वाद्यमेळाच्या लाटेत मागे पडले, असं सांगतात. यातलं काही खरं असेलही. पण जास्त कामाने झिजलेल्या माणसाला १९५९ चा ‘नवरंग’ सुचत नाही, आणि २७ जानेवारी १९६३ रोजी दिल्लीच्या नॅशनल स्टेडियमवर पंडित नेहरूंसमोर गायलं गेलेलं कवी प्रदीपांचं ते गाणं तर मुळीच नाही. तेही सांगून आलेलं काम होतं: चीनच्या युद्धानंतरचा निधी जमवण्याचा कार्यक्रम, तारीख ठरलेली, प्रसंग ठरलेला, श्रोते ठरलेले. आज देशभर त्यांची सगळ्यात जास्त गायली जाणारी चाल तीच आहे.

नगर जिल्ह्यातून या धंद्यात येऊ बघणाऱ्या मुलामुलींना मुंबईला कधी जावं असं विचारायची घाई असते. मला त्याआधी इथे काय आहे हे मोजावंसं वाटतं. राज्य नाट्य स्पर्धा आहे, नगरच्या महाकरंडकसारख्या एकांकिका स्पर्धा आहेत. एकांकिकेचं पार्श्वसंगीत करताना दिग्दर्शक डोक्यावर उभा असतो, नट तालमीत अडखळला की तुकडा तिथल्या तिथे कापावा लागतो, आणि चूक झाली तर ती भरल्या थिएटरात होते. पैसे जवळजवळ नसतात, हे खरं. पण मघाशी म्हटलेली संगत तिथे फुकट मिळते. दुसरं म्हणजे संगमनेर. अनंत फंदींचं गाव, पवळा हिवरगावकरांचा तालुका, आजही तमाशाचे फड बाळगणारा मुलूख. तिथल्या ढोलकीवाल्याला स्टुडिओत नेऊन चार मात्रा वाजवून घ्यायला नवख्या संगीतकाराला भीती वाटते, कारण तो समोरच्याची लय पहिल्या आवर्तनात ओळखतो आणि तोंडावर सांगतो. माझा सल्ला विचारला तर पहिल्या कामाच्या पैशांतून सॉफ्टवेअर घेण्याआधी एका दिवसाचा ढोलकीवाला घ्यावा. तो म्हणेल ते मुकाट्याने लिहून घ्यावं आणि त्याप्रमाणे चालीचं वजन बदलून बघावं. काही वेळा तो चुकतोही. लावणीच्या खालच्या लयीत त्याला करमत नाही, प्रत्येक रिकामी जागा भरावीशी वाटते, आणि कॅमेरा नटीच्या चेहऱ्यावर थांबलेला असताना ती जागा रिकामीच हवी असते. मग त्याच्याशी हुज्जत घालावी लागते. ती हुज्जत संगणकाशी घालता येत नाही.